शेवटच्या खोलीची हवा

"हवा येऊन राहिली का?"

आमच्या घरमालकांचा नमस्कार हाच. कशा आहात, जेवलात का, आज ऑफिसला सुट्टी का, असलं काही त्यांच्या तोंडून यायचं नाही. माझी गोरेगावच्या पंचायत समितीत बदली झाली आणि मी त्यांच्याकडे खोली घेतली. (गोरेगाव म्हटलं की आमच्या साताऱ्याकडच्या लोकांना मुंबईचं उपनगर आठवतं. हे गोंदियाजवळचं, धानाच्या शेतांमधलं गोरेगाव.) सामान अजून टेम्पोतच होतं. मालकांनी माझ्याकडे धड पाहिलंही नाही. थेट खोलीत शिरले, छताजवळच्या पत्र्याच्या जाळीखाली उभे राहिले, बोट जिभेला लावून वर धरलं आणि आतूनच ओरडून विचारलं, हवा येऊन राहिली का. आता जाळीखाली ते, बोट त्यांचं, आणि विचारतायत मला!

मी म्हटलं, "अहो काका, अजून पंखासुद्धा लावला नाही मी."

"पंख्याचं नाव नका काढू मॅडम. पंखा हवा आणत नाई. आहे तेच घुसळते."

अख्खं गाव त्यांना काकाजी म्हणायचं, मग मीही म्हणायला लागले. बुटके, काटक, बाह्या मनगटापर्यंत खाली सोडलेला पांढरा सदरा, खांद्यावर दुपट्टा. उभी हयात राईस मिलमध्ये गेलेली, त्यामुळे एका कानाने कमी ऐकू यायचं आणि समोरच्यालाही कमीच ऐकू येतं असं धरून ते बोलायचे. मिलमध्ये धान भरडलं की भुसा वेगळा होतो आणि मोठा ब्लोअर तो पाईपातून बाहेर फेकतो. तो ब्लोअर काकाजींच्या ताब्यात होता. "मी जिंदगीभर हवा हाकली," असं ते ऐटीत सांगायचे. बैल हाकणारा माणूस निदान बैल पुढे कुठे जातो ते बघतो, एवढं माझ्या मनात यायचं, पण तोंडावर म्हणायची माझी छाती नव्हती.

त्यांच्या सदऱ्याच्या खिशात कायम एक प्लॅस्टिकची पुडी असायची. इकडे पुरुषाच्या खिशातली पुडी म्हणजे तंबाखू-सुपारीचा खर्रा, हे मला आल्या आल्या कळलं होतं. काकाजींच्या पुडीत धानाचा भुसा होता. कुठेही गेले की चिमूटभर भुसा काढायचा, हवेत सोडायचा आणि तो कुठे जातो ते डोळे बारीक करून बघायचं. बँकेत एसीखाली सोडला, तो कॅशियरच्या चहात पडला. एसटीत सोडला, तो कंडक्टरच्या डोळ्यात गेला. कंडक्टरने त्यांना अर्ध्या वाटेत उतरवायची भाषा केली, तर हे म्हणतात कसे, "तुमची मागची खिडकी जाम आहे म्हणून भुसा तुमच्याकडं आला. माही काय चूक?"

एकदा सडक अर्जुनीला त्यांच्या नात्यातलं लग्न होतं. मलाही नेलं होतं. भर मे महिना, हायवेच्या कडेला मांडव, आणि नवरदेवासमोर चाकांवरचे दोन जंबो कूलर. काकाजी बसल्या जागी चुळबुळ करायला लागले. मग उठले आणि मांडवामागे, जिथे आचारी पुऱ्या तळत होते, तिथे एक चक्कर टाकून आले. परत येऊन त्यांनी एका कूलरचं तोंड सरळ भट्टीकडे फिरवलं. नवरदेवाचा मामा धावत आला.

"काकाजी, नवरदेव घामानं भिजून राहिला!"

"नवरदेव बसून आहे. आचारी भट्टीपुढं उभा आहे. ज्याच्या अंगाले आग, हवा त्याच्याकडं."

आणि शेवटची पुरी निघेपर्यंत ते त्या कूलरला टेकून उभे राहिले. वरपक्ष फुगला होता. पुढे पानात गरम पुऱ्या आल्या तसा हळूहळू निवळला. मला मात्र त्या दिवसापासून हा माणूस आवडायला लागला. त्याआधी नुसती गंमत वाटायची.

त्यांच्या घरातली हवा हा मात्र दुखरा विषय होता. आमच्याकडे कूलर म्हणजे खिडकीत ठेवायचा डबा. इकडच्या उन्हाळ्याला तो पुरत नाही. काकाजींनी गच्चीवर पत्र्याची एक मोठी पेटी उभी केली होती. तिला तिन्ही बाजूंनी वाळ्याच्या ताट्या, ताट्यांवर वरून पाणी ठिबकणारं, आणि पोटात मिलमधूनच निवृत्त झालेला ब्लोअर. त्याची गार हवा पत्र्याच्या चौकोनी डक्टमधून खाली उतरायची आणि व्हरांड्याच्या छताखालून एकेका खोलीत जायची. आधी बैठक, मग माझी खोली, आणि अगदी शेवटी मागच्या बाजूला काकूंची, म्हणजे त्यांच्या बायकोची खोली.

बैठकीत वर्तमानपत्र उडायचं. माझ्या खोलीत केस तेवढे हलायचे. आणि काकूंच्या खोलीत काही म्हणजे काही हलायचं नाही. काकूंच्या जुन्या लाल लुगड्याच्या चिंध्या काढून काकाजींनी प्रत्येक जाळीला बांधल्या होत्या, हवा किती येते ते दिसावं म्हणून. काकूंच्या जाळीची चिंधी सरळ खाली लोंबत राहायची. खोलीत नुसता ओला, कोंदट वास.

काकूंना दमा होता. उन्हाळा लागला की रात्र रात्र बसून काढायच्या. नागपूरला मुलाचा फ्लॅट, तिथे एसी. मागचे दोन उन्हाळे मुलाने त्यांना तिकडे नेलं होतं. परत आल्या की त्या अंगाने बऱ्या दिसायच्या आणि बोलायच्या मात्र कमी. एकदा मला म्हणाल्या, "तिथं सगळं हाय वो. पण खिडकीत कोणी येत नाई." मुलाने आता निक्षून सांगितलं होतं, अक्षय तृतीयेला गाडी घेऊन येतो, आई कायमची नागपूरला. बाबांना यायचं तर त्यांनीही यावं, घराला कुलूप लावू. मुलाचं काही चुकत नव्हतं. आईचा श्वास अडकताना बघणं कुणाला सोसेल? पण काकाजी नागपूरला म्हणजे मासा डांबरावर, हे त्यालाही ठाऊक होतं. म्हणून अक्षय तृतीयेपर्यंत काकूंच्या खोलीत हवा पोचवायची, एवढी एकच गोष्ट काकाजींच्या डोक्यात होती. ती पोचली नाही तर घर मोडलं.

काकाजी भिडले. पहिल्यांदा ताट्या नव्या केल्या, मातीने बुजलेला वाळा हवा अडवतो म्हणून. मग ब्लोअरचा पट्टा ताणला. मग डक्टचे सांधे. एका हातात उदबत्ती घेऊन शिडीवरून डक्टच्या कडेकडेने सरकायचं, धूर जिथे थरथरला तिथे फट. त्या फटीवर सायकलच्या ट्यूबची पट्टी. घरात इतक्या उदबत्त्या जळायच्या की शेजारीण विचारून गेली, कसली पूजा मांडली आहे.

मग डक्ट एका ठिकाणी उघडला, तर आत साळुंकीचं घरटं, पिल्लांसकट! काकाजींनी झाकण जसंच्या तसं टेकवलं आणि कूलरच बंद केला.

काकू म्हणाल्या, "अजी, पिल्लं उडेपर्यंत मी उकडू का?"

"त्याईले अजून पंख नाई फुटले."

"मले तरी कोठी फुटले?"

असं म्हणून त्याच काकू दुपारी व्हरांड्यात बसून भिजवलेल्या भाताची शितं बाजूला काढायच्या, साळुंकीसाठी. पिल्लं एकदाची उडाली, घरटं निघालं, कूलर सुरू झाला. आम्ही सगळे काकूंच्या खोलीत धावलो. चिंधी होती तशीच.

मग त्यांनी बैठकीकडे जाणारी पत्र्याची झडप जवळजवळ बंद केली, म्हणजे सगळी हवा पुढे जाईल. बैठकीची भट्टी झाली, माझी खोली जरा बरी झाली, काकूंची चिंधी किंचित हलल्यासारखी वाटली. "हलली का?" ते विचारायचे. "हलली," मी म्हणायचे. काकू आम्हा दोघांकडे बघून कूस बदलायच्या.

इथे या घराचा एक नियम सांगायला हवा. खरं तर तो सगळ्या गावाचाच. एप्रिल लागला की सकाळी ऊन चढायच्या आत दारं-खिडक्या बंद. बाहेरची लू, उन्हाची झळ, आत येऊ द्यायची नाही. दुपारी रस्त्यावरून जाताना घरांत कुणी राहतं की नाही असं वाटावं. काकाजी या बाबतीत कडक. नाश्ता झाला की त्यांची फेरी निघायची. खिडक्यांचे पल्ले ओढून कड्या घालायच्या, आणि दाराखालच्या फटीत मिलमधला बारदाना कोंबायचा. माझी कडी राहिली तर भर व्हरांड्यातून, "मॅडम, गारवा गावाले वाटून राहिल्या का?" त्यांच्या आईने लावलेली शिस्त होती ती, आणि आई म्हणजे त्यांच्या लेखी शेवटचा शब्द.

काकूंच्या खोलीची खिडकी मागच्या बोळात उघडायची. बाजाराच्या दिवशी जंगलपट्ट्यातली एक गोंड बाई टोपली घेऊन त्या बोळातून जायची. मोहफुलं, टेंभरं, कधी रानभाजी. काकूंची ती जुनी मैत्रीण. दोघी खिडकीच्या गजांतून बोलायच्या, एकमेकींच्या सुनांची उणीदुणी काढायच्या, आणि मग ती बाजाराला जायची. उन्हाळ्यात मात्र खिडकी बंद, बोलणं बंद. ती बाई टकटक करायची, काकू आतून "आहे वो, जित्ती आहे" म्हणायच्या, झालं.

अक्षय तृतीया दोन दिवसांवर आली होती. बाजाराचा दिवस, मला सुट्टी. काकाजींनी मला काकूंच्या जाळीखाली उभं केलं होतं आणि स्वतः गच्चीवर, हातात कणकेचा गोळा घेऊन. एका सांध्यावर ट्यूबची पट्टी बसत नव्हती, म्हणून स्वयंपाकघरातली मळलेली कणीक उचलून नेली होती. मी वर बघत उभी. काकू पलंगावर, उशांना टेकून. त्यांचा श्वास मला उभ्या जागी ऐकू येत होता.

बोळातून टकटक झाली. काकूंनी एकदा छताकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. मग उठल्या आणि सरळ कडी काढून दोन्ही पल्ले उघडले.

चिंधी उचलली गेली! आडवी झाली, फडफडली. मी जिवाच्या आकांताने ओरडले, "हलली! काकाजी, हलली!"

काकाजी जिना उतरून आले ते कणकेच्या हातांनीच, तोंडभर हसत. "म्हणलं होतं ना? फट तठीच होती!" मग त्यांना खिडकी दिसली. "हे काऊन उघडली? एवढी मेहनत करून गारवा आणला अन् तू बाहेर सोडून राहिली?" धाडकन पल्ले लावले. बोळातली बाई बाहेर राहिली, चिंधी खाली पडली.

काकाजींनी चिंधीकडे पाहिलं. "कणीक सुटली," म्हणाले आणि परत गच्चीवर. वरून हाक आली, "आता?"

"नाही."

"आता?"

"नाही, काकाजी."

खाली आले तर बोळातल्या बाईने पुन्हा खिडकी ठोठावली, या वेळी रागाने. काकूंनी पुन्हा उघडली. चिंधी पुन्हा आडवी. आता मात्र काकाजी दारातच उभे होते, आणि त्यांनी ते स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं.

त्यांनी पुढे होऊन खिडकी लावली, चिंधी पडली. उघडली, उठली. लावली, पडली. पल्ल्यांना सगळीकडे कणीक लागली.

"काकाजी," बाहेरची बाई तडकली, "बुढापकाळी कायची थट्टा जी? माह्या तोंडावर पल्ला काऊन आपटून राहिले?"

काकाजींनी खिशातली पुडी काढली. चिमूटभर भुसा जाळीखाली सोडला. तो पलंगावरून, काकूंच्या डोक्यावरून तरंगत गेला आणि गजांतून बाहेर पडून त्या बाईच्या टोपलीत मोहफुलांवर बसला. ती काय म्हणाली ते इथे लिहिण्यासारखं नाही.

काकू पलंगावर बसत म्हणाल्या, "भरल्या बांधीत आणखी पाणी कसं घुसन? बांध फोडा लागते, तवा मागचं पाणी पुढं येते." बांधी म्हणजे इकडचं धानाचं खाचर. रोवणीच्या, म्हणजे भातलावणीच्या दिवसांत इथली लहान पोरंसुद्धा हे बघत मोठी होतात. बंद खोली हवेने भरून गेली होती, नव्या हवेला जागाच नव्हती. एवढंच होतं सगळं.

काकाजी जमिनीवर बसले. म्हणाले, "मिलमधी पाईपाचं तोंड मोकळ्या मैदानात होतं. भुसा जाऊन पडे. पुढं हवा कुठं जाते, हे मी कधी पायलंच नाई."

"लगन होऊन आली तवापासून सांगून राहिली मी," काकू म्हणाल्या. "उन्हाळ्यात माहा जीव घुसमटते, हे एक खिडकी उघडी राहू द्या."

"तू हवेचं थोडी बोलत होती."

"मंग कायचं बोलत होती?"

एरवी गावभर ऐकू जाणारा हा माणूस बायकोच्या पायाशी बसून बोटांवरची कणीक सोलत होता. मी कणीक नवी मळायच्या निमित्ताने स्वयंपाकघरात निघून गेले.

संध्याकाळपर्यंत काकाजींचा नूर पालटला होता. कोणती खिडकी किती उघडली की कुठे किती हवा ओढली जाते, हे त्यांनी भुसा सोडून सोडून ठरवलं. बैठकीची खिडकी बोटभर उघडी, माझी वीतभर, काकूंची सताड. पल्ले हलू नयेत म्हणून लाकडाच्या पाचरी कापल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांची फेरी निघाली ती पल्ले उघडत. माझी खिडकी सवयीने बंद राहिली होती, तर व्हरांड्यातून आवाज, "मॅडम, काऊन लावली? कोंडून मारता का हवेले?" मी कपाळावर हात मारला.

अक्षय तृतीयेला मुलगा आला. नागपूरहून उन्हातून गाडी चालवत आलेला, घामेजलेला, वाद घालायच्या तयारीनेच. आईच्या खोलीत शिरला आणि दारातच थांबला. "बाबा, एवढ्या उन्हात खिडकी उघडी?"

काकाजींनी भुशाची चिमूट सोडली. ती तरंगत गजांतून बाहेर गेली, मुलगा बघत राहिला. मग आईकडे बघितलं. काकू मांडी घालून आंबे सोलत होत्या, आणि तोंडाने बोलतही होत्या. उन्हाळ्यात आईला ही दोन्ही कामं एकदम करताना त्याने बऱ्याच वर्षांत पाहिलं नसावं. तो पलंगाच्या कडेवर टेकला. जरा वेळाने आडवा झाला, आणि बघता बघता घोरायला लागला. काकाजी त्याला उठवायला निघाले तर काकूंनी डोळ्यांनीच दटावलं.

उठला तेव्हा ऊन कललं होतं. चहा पिता पिता त्याने एकच प्रश्न विचारला. "बाबा, रात्री लाईट गेली तर?"

"तर खिडकी उघडीच आहे," काकाजी म्हणाले.

मुलगा हसला. आईला गोंदियाच्या डॉक्टरांना दाखवू, ते हो म्हणाले तर हा उन्हाळा इथेच काढून बघू, असं ठरलं. डॉक्टरांनी छाती तपासली, औषध चालू ठेवायला सांगितलं आणि हो म्हणाले. तो उन्हाळा काकूंनी इथे काढला. त्यानंतरचेही.

पुढे माझी बदली झाली. गेल्या मे महिन्यात कामानिमित्त गोंदियाला गेले होते, तेव्हा मुद्दाम वाट वाकडी करून गोरेगावला उतरले. पुढच्या दारी कुणी नव्हतं, म्हणून मागच्या बोळातून गेले. काकूंच्या खिडकीला पल्लेच नव्हते. नुसते गज आणि डासांची जाळी. पल्ले काढून काकाजींनी त्यांचा बाक केला होता, बरोबर खिडकीखाली, बाहेरच्या बाजूला. त्यावर ती टोपलीवाली बाई बसली होती, तिच्या शेजारी आणखी दोघी, टोपल्या पायाशी. खोलीतली गार हवा खिडकीतून त्यांच्या मानेवर येत होती आणि आतून काकूंचा आवाज चालला होता, न थांबता, धाप न लागता.

काकाजी बोळाच्या टोकाला खुर्ची टाकून भर उन्हात बसले होते. मी म्हटलं, "काकाजी, गारवा गावाला वाटून राहिले का?"

"त्या तीन कोस पायी आल्या," ते म्हणाले. "अंगाले आग त्याईच्या."

"आणि हिवाळ्यात काय करता, पल्ल्यांशिवाय?"

"गोधडी टांगतो."

आता कुठे त्यांना माझी ओळख पटली असावी. डोळे बारीक करून त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि खुर्चीवरून उठत, साऱ्या बोळाला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, "हवा येऊन राहिली का?"

मी तोंड उघडायच्या आत खिडकीतून काकूंनी उत्तर दिलं, "येऊन राहिली जी. येऊन राहिली."